बालदीला बंदी असलेली खोली

आमच्या माडीवरच्या खोलीत कुणी चप्पल घालून चढलं तर मी काय करते, ते तारकर्लीत कुणालाही विचारा. पुण्याचे पाहुणे असोत, मुंबईचे असोत, नाहीतर माझा सख्खा भाऊ असो, मी जिन्याच्या खालच्या पायरीवरच गाठते. तिथे पाण्याची बालदी आहे, तांब्या आहे, पाय पुसायला टॉवेल आहे. वाळू धुवायची, पाय कोरडे करायचे, मग वर. आमची वाळू बघायला लोक लांबून येतात, पांढरी काय, मऊ काय, फोटो काय काढतात! पण त्याच वाळूचा कण पायाखाली घासला की फरशीवर ओरखडा उठतो, आणि तो मला माझ्याच गालावर उठल्यासारखा वाटतो.

कारण ती फरशी माझ्या लेकीने घातली आहे. बांबूची. स्वतःच्या हाताने.

लेक कुडाळकडे एका बांबूच्या कारखान्यात काम शिकली. आधी टोपल्या नि दिवे, मग खुर्च्या, मग एक दिवस घरी येऊन म्हणाली, "आये, बांबूची फरशी करतत. लाकडासारकी. मी शिकलंय." मी चुलीवरचं कालवण ढवळत होते. मला वाटलं चटई म्हणते आहे. तेव्हा तिने पिशवीतून एक फळी काढून माझ्या हातात दिली. बांबूच्या पट्ट्या एकमेकींना घट्ट चिकटवून, दाबून, घासून केलेली, वर पारदर्शक पॉलिश. मधाच्या रंगाची. मी बोट फिरवलं तर सांधा कुठे ते कळेना. अभिमानाने माझा ऊर असा भरून आला की कालवण करपलं.

तिच्या बाबाचं मात्र वेगळं. माझा घोव जन्मभर दर्यावर गेलेला माणूस. लाकडी होडी होती त्याची, पुढे गुडघे धरले तेव्हा विकली. तो कुणाचं तोंडावर कौतुक करील तर शपथ. फळी हातात घेतली, उलटसुलट केली, नि म्हणाला, "बांबू लागता मांडवाक, नायतर तिरडेक. फरशी कसली तेची?" आणि गेला पान खायला. लेकीचा चेहरा उतरला. मी त्याला काय काय बोलले ते इथे लिहीत नाही.

पर्यटकांना देतो त्या दोन खोल्यांपैकी माडीवरची मी लेकीच्या हवाली केली. उन्हाळ्याचा सीझन संपता संपता तिने तिथे फरशी घातली, तिची पहिली. गुडघ्यांना चिंध्या बांधून ती एकेक फळी ठोकून बसवत होती, नि मी दारात बसून बघत होते. भिंतीला लागून तिने चारी बाजूंनी बोटभर फट ठेवली तेव्हा मी म्हटलं, "गो, चुकलंस. थंय सिमिट भर." ती हसली. पावसात बांबू हवेतलं पाणी पितो नि थोडा पसरतो, त्याला पसरायला जागा हवी, असं म्हणाली. वर लाकडाची पट्टी बसवून तिने फट झाकून टाकली. मला ते पटलं. आमचीही हाडं पावसात फुगतातच की!

आता खरी गोष्ट. आचऱ्याचे एक गृहस्थ खाडीकाठच्या आपल्या बागेत पाहुण्यांसाठी खोल्या बांधत होते. लेकीने त्यांना गाठून बांबूच्या फरशीचं सांगितलं. ते म्हणाले, तुझी फरशी एक पावसाळा काढू दे, चतुर्थीनंतर येऊन बघतो, टिकली असेल तर सगळ्या खोल्या तुझ्या. सगळ्या खोल्या! म्हणजे लेकीला कुणाच्या हाताखाली राहायला नको, तिचं स्वतःचं काम सुरू झालं असतं. आणि फरशी खराब झाली असती तर अख्ख्या मालवणात बोभाटा झाला असता की हिची फरशी एक पावसाळा टिकली नाही. लेक कुडाळला, फरशी तारकर्लीला. सांभाळायची कुणी? मी!

आता माझी ख्याती ऐका. आमच्या वाडीत माझ्यासारखी फरशी कोणी धूत नाही. बालदीभर पाणी धाडकन ओतायचं, धुण्याचा सोडा टाकायचा, नारळाच्या हिरांच्या झाडूने खसाखसा घासायचं नि पाणी पडवीतून अंगणात लोटायचं. माझ्या पडवीत ताटाशिवाय जेवा, मी खुशाल वाढेन. आणि लेक मला काय म्हणते? "आये, वर बालदी न्हेवची नाय. सोडो नाय, फिनेल नाय, हिरांची झाडू तर बगायचीच नाय." मी म्हटलं, मग काय फुंकर घालून पुसू?

जवळजवळ तसंच. मऊ गवती झाडूने केर काढायचा, रोज, वाळू राहता कामा नये. मग सुती फडकं भिजवून असं पिळायचं, असं पिळायचं की त्यातून थेंब निघता नये, आणि पट्टीच्या उभ्या दिशेने पुसायचं, आडवं नाही. पाठोपाठ लगेच कोरडं फडकं. पाणी सांडलं, सोलकढी सांडली, तिथल्या तिथे टिपायची. खाट ओढायची नाही, दोघांनी उचलायची. खाटेच्या पायांना मी जुन्या कांबळ्याचे तुकडे शिवून मोजे घातले. पाऊस आडवा यायला लागला की धावत जाऊन खिडक्या लावायच्या, उघडीप झाली की धावत जाऊन उघडायच्या. त्या पावसाळ्यात मी त्या जिन्यावरून जेवढी पळाले तेवढी लग्नानंतर कधी पळाले नसेन.

सुरुवातीला जीव जायचा. पिळलेल्या फडक्याने पुसलं की मला वाटायचं, हे काय पुसणं? ही तर फसवणूक. हात शिवशिवायचे बालदीसाठी. पण श्रावणात एका सकाळी ऊन पडलं, खिडकीतून तिरपं फरशीवर आलं, नि अख्खी खोली अशी उजळली की मी फडकं हातात धरून उभीच राहिले. एक ओरखडा नाही, एक फुगवटा नाही. खालच्या खोलीच्या गुळगुळीत लाद्यांवर ओल येऊन पाय सटकत होते, नि वर हे सोनं कोरडं ठणठणीत! मी खाली येऊन मोठ्या जाऊबाईंना मुद्दाम वर घेऊन गेले. त्यांनीच वैशाखात म्हटलं होतं, "पैल्या पावसाक भाकरेसारकी फुगतली." आता त्या पदर खोचून वाकल्या, फरशीवर हात फिरवला नि म्हणाल्या, "बरी आसा हां." बरी! त्यांच्या तोंडून 'बरी' म्हणजे मला सोन्याच्या पाटल्या मिळाल्यासारखं झालं.

चतुर्थीआधी आमच्याकडे घर नखशिखांत धुतात. भांडी, भिंती, कौलांखालचे वासे, काही सोडत नाहीत. जाऊबाई मदतीला आल्या त्या थेट दोन्ही हातांत बालद्या घेऊन माडीच्या जिन्याकडे वळल्या. मी जिन्यात आडवी झाले. "वैनी, वर नाय." त्या म्हणाल्या, "गणपती येतत नि खोली धुवची नाय? पाप लागात." मी म्हटलं, "लागूदे माका. बाप्पाक मी सांगतंय." आमचा गणपती दीड दिवसाचा. त्या दीड दिवसात मी त्याला दुसरं काही मागितलं नाही.

विसर्जन झालं. माझं माहेर आचऱ्याचं, तिथला गणपती अकरा दिवसांचा. दरवर्षी मी एका रात्रीसाठी तरी जाते, भजनाला बसते, भावजयीच्या हातच्या खापरोळ्या खाते. त्या वर्षी पाय निघेना, कारण ते गृहस्थ तीन-चार दिवसांत फरशी बघायला यायचे होते. पण भावाने दोनदा फोन केला. घोवाला बजावलं, "खिडक्यो लावा, उगडा, नि वर कोणाक सोडू नका. तुमी पन काय करू नका." तो म्हणाला, "व्हय म्हाराजा." देवापुढच्या गाऱ्हाण्याला म्हणतात तसं, मला चिडवायला.

दुसऱ्या दिवशी मी परत आले तर जिन्यावर मांजरं. एक नाही, वाडीतली सगळी. पायरी पायरीवर बसलेली, तोंडं वर करून, जणू वर कुणाचं जेवण आहे. मी वर धावले, दार ढकललं, आत पाय टाकला नि सर्रकन घसरून खाली आपटले. हात फरशीला लागले ते चिकट. नाकाशी नेले. देवा! मुशीचं तेल!

ज्यांना ठाऊक नाही त्यांच्यासाठी सांगते. मुशी म्हणजे आमच्या समुद्रातला लहान शार्क मासा. त्याच्या यकृताचं तेल काढतात नि पावसाळ्याआधी लाकडी होड्यांना चोळतात, म्हणजे लाकूड पाणी पीत नाही. होडीला ते अमृत आहे. वास मात्र असा की तेल लावणाऱ्या माणसाला त्याची बायको दोन दिवस घरात घेत नाही. आणि माझ्या घोवाने ते तेल लेकीच्या फरशीला लावलं होतं. खिडकीपासून दारापर्यंत, एकेक फळी, अगदी निगुतीने. दुसऱ्या कुठल्या गावात दुसऱ्या कुठल्या बापाच्या डोक्यात हे आलं असतं?

"अवो, ह्यां काय केल्यात तुमी?" मी खालपर्यंत ऐकू जाईल अशी ओरडले. तो जिन्याशी येऊन उभा राहिला. "होडयेक लावतत ता. चेडू म्हणा होता मा, पावसात पानी पिता. म्हनान लावलंय." त्याचं चेडू म्हणजे आमची लेक. चेहरा असा निष्पाप की थोबाडावर फडकं मारावं नि मारवतही नाही.

त्याच वेळी लेकीचा फोन आला. ते गृहस्थ दुसऱ्या दिवशी दुपारी येतायत, ती त्यांच्याच गाडीतून येतेय. मी म्हटलं, "ये. सगळां बरां आसा." दुसरं काय सांगणार? तेलाचं सांगितलं असतं तर ती तिथेच रडत बसली असती.

माझं डोकं फिरलं होतं. खाली आले, चुलीवर हंडाभर पाणी तापवलं, बालदीत ओतलं, मूठभर सोडा टाकला नि निघाले वर. चिकटा काढायचा तर हेच, माझी आई हेच करायची, मी हेच करत आले. अर्ध्या जिन्यावर वाफ तोंडावर आली तशी मी थांबले. तेलाने फरशीचं काय बिघडलं होतं? वास नि चिकटा. पॉलिश शाबूत होतं, तेल नुसतं वर बसलं होतं. हे कढत सोड्याचं पाणी मात्र पॉलिश खाईल, सांध्यांत शिरेल, आणि मग जाऊबाईंची भाकरी खरोखर फुगेल. घोवाचं तेल एक वेळ निघालं असतं, माझी बालदी निघाली नसती. मी तशीच मागे फिरले नि घोवाला ते पाणी माडाच्या मुळाशी ओतायला लावलं, थंड करून.

मग आधी कोरडी फडकी. माझं जुनं मऊ लुगडं फाडलं नि तेल टिपून घेतलं, चोळलं नाही. मग गिरणीतला तांदळाचा कोंडा चाळणीने चाळला, तुसाचा एक कण राहू दिला नाही, कारण तूस ओरखडतं. तो मऊ कोंडा फरशीभर पसरला, दार बंद केलं, मांजरांना हाकललं नि जेवायला बसले. ताटातल्या माशाच्या आंबटतिखटाची चवसुद्धा लागली नाही. जेवून वर गेले तर कोंड्याने तेल पिऊन गोळे धरले होते. मऊ झाडूने काढला, पुन्हा नवा पसरला. शेवटी फडकं पिळून, त्यावर भांड्याच्या साबणाचा एखादा थेंब, नि एकेक फळी उभी पुसत निघाले.

थोड्या वेळाने बघते तर घोव शेजारी गुडघ्यावर. हातात कोरडं फडकं. मी ओलं पुढे नेत होते, तो पाठोपाठ कोरडं करत होता, न सांगता, पट्टीच्या उभ्या दिशेने. म्हणजे पावसाळाभर मी कशी पुसते ते हा माणूस जिन्यातून बघत होता तर! गुडघे दुखतात म्हणून देवळात मांडी घालत नाही तो, आणि इथे सरपटत होता.

"तेल हाडलास खंयसून?" मी विचारलं. होडी विकून कितीतरी पावसाळे झाले. आता सगळ्यांच्या फायबरच्या होड्या, त्यांना असलं तेल लागत नाही, कुणी काढतही नाही.

तो पुसत राहिला. मग म्हणाला, "डबो होतो मा माळ्यार."

तो डबा मला ठाऊक होता. होडी घेऊन गेले त्या दिवशी त्याने माळ्यावर ठेवलेला, तोंड कापडाने बांधून. दर चतुर्थीला मी टाकायला काढायची नि दर चतुर्थीला तो भांडायचा. कुणाला थेंब द्यायचा नाही.

"संपलां?"

"संपलां. वायच कमीच पडलां. दारामागे नाय पुरलां."

मला त्याला आणखी दोन शिव्या द्यायच्या होत्या, त्या तशाच ठेवून मी फडकं पिळायला खाली गेले नि उगाच बराच वेळ पिळत बसले.

दुसऱ्या दिवशी सकाळी फरशी पुन्हा तशीच मधासारखी. चिकटा गेला. वास मात्र पुरता गेला नव्हता. खिडक्या उघड्या टाकल्या, वारा येऊ दिला, पण बाहेर भुरभुर पाऊस, हवा जड. दुपारी गाडी आली. लेक उतरली ती नाकपुड्या फुगवतच. माझ्याकडे बघितलं. मी पदराने तोंड पुसलं.

ते गृहस्थ साठीचे, अंगाने आडवे, बोलायला मोकळे. जिन्याशी पाय धुतले, पुसले, वर आले. लेक त्यांच्याशी ऑफिसातल्यासारखं शुद्ध बोलत होती, "ही पट्ट्या दाबून केलेली फळी आहे, इथे पसरायला जागा ठेवली आहे." ते खिडकीशी जाऊन उजेडाच्या रेषेत वाकून बघत होते. मग मान वर करून त्यांनी हुंगलं. "वैनीनू, सुंगटां सुकत घातल्यात काय हय?"

लेक पांढरी पडली. मी तोंड उघडलं. काय सांगणार होते ते मलाही माहीत नव्हतं, शेजारच्यांनी सुकत घातलेल्या कोळंबीवर ढकलणार होते बहुतेक. तेवढ्यात दारातून आवाज आला.

"मुशीचां तेल ता. मी लावलंय."

घोव उंबऱ्याशी उभा होता. धुतलेला सदरा घालून. आमच्याकडे पाहुणे आले की मागच्या दाराने सटकणारा माणूस तो. गृहस्थ म्हणाले, "फरशीक तेल? मुशीचां?" आणि हसायलाच लागले.

तो हसला नाही. म्हणाला, "माज्या होडयेक लावी होतंय, तसां लावलंय. बरी वस्तू आसा, पावसात जपाक व्हयी म्हनान. हिच्या आवशीन मागसून पुसून काडल्यान." मग लेकीकडे न बघता, फरशीकडे बोट करून, मोठ्याने म्हणाला, "ह्यां माज्या चेडवाचां काम आसा. माका येवचां नाय असां."

गृहस्थांचं हसू थांबलं. ते गुडघ्यावर बसले, तळवा फरशीवर दाबून लांबपर्यंत ओढला, उलटा करून बघितला, हुंगला. हात कोरडा. सांध्यांवरून नख फिरवलं. बऱ्याच वेळाने उठले नि म्हणाले, "माजी आवस शेनान सारवल्याशिवाय रवना नाय, नि भावस रॉकेल घालून फरशी पुसता. मी म्हनी होतंय, असल्यांच्या घरात ही फरशी जगतली कशी? आता मुशीचां तेल पचवल्यान, तर आनी काय रवलां? खोलयो तुझ्यो. पन आमच्या मानसांका सांभाळूक शिकयतला कोन?"

लेकीचं शुद्ध बोलणं कुठल्या कुठे गेलं. "माजी आवस शिकयतली," ती माझा हात धरून म्हणाली.

"आचऱ्याचीच मा ही? मगे काय, माहेराक येवचां," असं म्हणत ते चहाला खाली गेले. घोवही त्यांच्या मागोमाग गेला, होडी किती लांबीची होती ते सांगत.

मी आणि लेक वर राहिलो. मी ताठ उभी होते. माझ्या लेकीला आचऱ्याच्या खोल्या मिळाल्या होत्या, नि माझ्या गावात मला फरशी शिकवायला बोलावणं होतं. हिरांच्या झाडूवाली मी! पण लेक खोल्यांचं काही बोलेना. ती दारामागे गेली, जिथे तेल पुरलं नव्हतं, तिथे बसली नि फरशीवर हात ठेवून म्हणाली, "आये, माळ्यावरचो डबो?"

"तोच," मी म्हटलं.

आणि ती रडायला लागली. लहान होती तेव्हा रडायची तशी, हुंदके देऊन, नाक ओढत. टपटप टपटप थेंब फरशीवर. मी कमरेचं फडकं काढलं, खाली बसले नि लगेच टिपून घेतले, पट्टीच्या उभ्या दिशेने. फरशीवर पाणी थांबू द्यायचं नाही म्हणजे नाही.

"रडाचां तर पडवीत जावन रड गो," मी ओरडले, "हय नको." माझ्याही डोळ्यांतून ओघळायला लागलं होतं. मग आम्ही दोघी उठलो नि पडवीत गेलो.